राक्षस म्हणजे दुःख, एवढंच का? : ‘द बाबाडूक’ आणि आईपण

मागच्या व्याख्यानात आपण भीती या भावनेबद्दल बोललो. शेवटी एका श्रोत्याने विचारलं होतं, “हल्लीच्या भयपटांतले राक्षस हे खरे राक्षस नसतातच, ती कुणाच्या तरी दुःखाची रूपकं असतात, असं सगळीकडे वाचायला मिळतं. तुम्हाला पटतं का?” मी ‘पुढच्या वेळी बोलू’ म्हणून वेळ मारून नेली. खरं म्हणजे त्या दिवशी माझ्याकडे उत्तर नव्हतं. आज थोडंफार आहे. ते मुख्यतः एकाच चित्रपटाच्या आधाराने मांडते. दहा सिनेमांची नावं भराभर घेतली की विद्वत्ता दिसते, पण हाती काही लागत नाही.

चित्रपट आहे ‘द बाबाडूक’. २०१४ सालचा, ऑस्ट्रेलियातला. जेनिफर केंट या दिग्दर्शिकेचा हा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट. त्याआधी २००५ साली त्यांनी ‘मॉन्स्टर’ नावाचा एक लघुपट केला होता, त्यातही आई, मुलगा आणि घरातला राक्षस आहेतच. म्हणजे ही गोष्ट त्यांच्या डोक्यात बरीच वर्षं होती. नाव ऐकून तुम्हाला आपला बागुलबुवा आठवला असेल, मलाही आठवला. पण बागुलबुवा आई मुलाला दाखवते. इथे तो आईच्याच मागे लागतो, हा फरक लक्षात ठेवा.

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी कथा सांगते. शेवटही सांगणार आहे, कारण माझा सगळा मुद्दा शेवटातच आहे. रहस्य फुटलं म्हणून रागावू नका.

अमेलिया नावाची एक विधवा. वृद्धाश्रमात नोकरी करते. तिचा मुलगा सॅम्युअल सात वर्षांचा व्हायचाय. नवरा ऑस्कर तिला बाळंतपणासाठी दवाखान्यात नेत असताना गाडीला अपघात झाला आणि तो गेला. त्याच दिवशी मुलगा जन्मला. म्हणजे मुलाचा वाढदिवस आणि नवऱ्याची पुण्यतिथी एकच. त्यामुळे घरात मुलाचा वाढदिवस कधीच त्याच्या दिवशी साजरा होत नाही. मागेपुढे, मावसबहिणीच्या वाढदिवसाबरोबर उरकला जातो. ऑस्करच्या सगळ्या वस्तू तळघरात कुलूपबंद आहेत. तिथे जायला मुलाला मनाई.

मुलगा सोपा नाही. त्याला राक्षसांची भीती वाटते, आणि त्यांच्याशी लढायला तो घरी हत्यारं बनवतो, शाळेत घेऊन जातो. शाळा तक्रार करते. तो झोपत नाही, आईला झोपू देत नाही. एका रात्री झोपताना वाचायला म्हणून तो कपाटातून एक पुस्तक काढतो. उघडलं की चित्रं उभी राहतात ना, तसलं. ‘मिस्टर बाबाडूक’. काळा कोट, उंच टोपी, लांब नखं. हे पुस्तक घरात आलं कुठून, आईला माहीत नाही. वाचता वाचता ती थांबते, कारण हे मुलांचं पुस्तक नाही हे तिच्या लक्षात येतं. पुढे ती ते फाडून टाकते. फाडलेलं पुस्तक चिकटवलेल्या पानांसह दारात परत येतं, आणि आता त्यात नवी पानं आहेत. त्या पानांवर एक बाई आधी कुत्र्याला मारते, मग मुलाला, मग स्वतःला.

इथून सिनेमा फिरतो. पहिल्या अर्ध्या भागात आपल्याला वाटत असतं की संकट मुलावर आहे, आणि मुलगा जरा विचित्रच आहे. मग हळूहळू कळतं की भीती वाटायला हवी ती आईची. आणि मुलाला हे आपल्या आधीच कळलेलं होतं.

आता रूपकाकडे येऊ. ‘बाबाडूक म्हणजे अमेलियाचं न सोसलेलं दुःख’ हे समीकरण बहुतेक परीक्षणांत सापडेल. ते चूक नाही. त्याला पुरावे भरपूर आहेत. तळघरात भिंतीवर नवऱ्याचे कपडे टांगलेले दिसतात, आणि बाबाडूकही कोट-टोपीच घालून येतो. एकदा तर तो नवऱ्याच्या रूपातच येतो, आणि मुलगा मागतो. तिची बहीण तिला म्हणते की इतकी वर्षं झाली, तू अजून पुढे गेली नाहीस. त्यावर ती म्हणते, गेले की, मी त्याचं नावसुद्धा काढत नाही. नाव न काढणं म्हणजे पुढे जाणं, अशी तिची समजूत आहे. आपल्यापैकी अनेकांची असते.

फ्रॉइडचा १९१७ सालचा शोक आणि विषाद यांवरचा निबंध इथे लोक हटकून आणतात. थोडक्यात त्याचं म्हणणं असं : शोकात माणूस गेलेल्या व्यक्तीपासून आपलं मन एकेक आठवण घेत, कष्टाने सोडवून घेतो, आणि शेवटी मोकळा होतो. विषादात हे काम अडतं. गेलेली व्यक्ती आत येऊन बसते आणि तिच्यावरचा राग माणूस स्वतःवर काढत राहतो. या हिशेबाने बाबाडूक म्हणजे अडलेला शोक, आणि अमेलियाने शोक पूर्ण केला की राक्षस जायला हवा.

पण तो जात नाही!

शेवट आठवा. अमेलिया बाबाडूकसमोर उभी राहते आणि ओरडून त्याला बजावते की हे माझं घर आहे, माझ्या मुलाला हात लावायचा नाही. तो कोसळतो. आणि मग पळून तळघरात जातो. काही दिवसांनी आई आणि मुलगा बागेत माती उकरून गांडुळं गोळा करताना दिसतात. वाडग्यात घालून ती तळघरात घेऊन जाते. अंधारातून तो अंगावर येतो, ती घाबरते, मागे सरते, आणि मग त्याला गप्प करते. वाडगा जमिनीवर ठेवते. तो वाडगा अंधारात ओढला जातो. ती वर येते, बागेत मुलाचा वाढदिवस आहे, पहिल्यांदाच त्याच्या खऱ्या तारखेला.

माझ्या एका तरुण नातलगाने हा शेवट पाहून विचारलं, “पण मग तो मेला की नाही?” भयपट पाहणाऱ्याचा हा रास्त प्रश्न आहे. आणि रूपकवाल्यांना याचंच उत्तर नीट देता येत नाही, असं मला वाटतं.

का ते सांगते. जरा अलंकारशास्त्रात जाऊ, कंटाळू नका. आपण ‘रूपक’ हा शब्द सैल वापरतो. अकराव्या शतकातला काश्मिरी आचार्य मम्मट ‘काव्यप्रकाशा’त रूपक म्हणतो ते उपमान आणि उपमेय यांच्या अभेदाला. ‘मुख हा चंद्रच’. पण लक्षात घ्या, इथे दोघंही हजर आहेत, मुखही आणि चंद्रही. दोन्ही शब्द वाक्यात आहेत. त्याखेरीज त्याने अतिशयोक्तीचा एक प्रकार सांगितलाय, त्यात उपमान उपमेयाला गिळून टाकतं. मुखाचं नावच नाही, नुसता चंद्र उगवतो. ऐकणाऱ्याने ओळखायचं. त्या प्रक्रियेला शास्त्रात शब्दही ‘निगरण’ असा आहे, म्हणजे गिळणं.

सिनेमाच्या बऱ्याच भागात हेच चाललंय. दुःख दिसतच नाही, त्याला राक्षसाने गिळलंय. परीक्षक येतो आणि म्हणतो, थांबा, मी सांगतो आत काय आहे, आत दुःख आहे. एकदा ओळखलं की चंद्राची गरज संपली. मुख सापडलं. पण अमेलियाला ओळखून काय मिळालं? बाबाडूक तिला नवऱ्याच्या मृत्यूचा क्षण पुन्हा दाखवतो. म्हणजे आत काय आहे हे तिला पुरतं कळलंय. तरी तो तळघरात आहे, भुकेला आहे, अंगावर येतो. अर्थ कळल्याने संपत नाही असं हे रूपक आहे. म्हणून मला वाटतं, दिग्दर्शिकेने त्याला शेवटपर्यंत अंगापिंडाचा ठेवला हे फार बरोबर केलं. तो नुसता अर्थ असता तर त्याला खायला घालावं लागलं नसतं.

गंमत म्हणजे फ्रॉइडलाही पुढे हेच म्हणावं लागलं. १९२० साली त्याची मुलगी सोफी इन्फ्लुएंझाच्या साथीत गेली. नऊ वर्षांनी, १९२९ मध्ये, त्याचा स्नेही बिन्सवांगर याचा मुलगा वारला, तेव्हा फ्रॉइडने त्याला पत्र लिहिलं. ती जिवंत असती तर त्या दिवशी तिचा वाढदिवस होता. पत्राचा आशय असा की तीव्र शोक कधीतरी ओसरतो हे खरं, पण आपलं सांत्वन होत नाही, त्या जागी दुसरं कुणी येत नाही, आणि आलं तरी ते दुसरंच असतं. आणि हे असंच असायला हवं, कारण ज्या प्रेमाला आपण सोडू इच्छीत नाही ते चालू ठेवायचा हा एकच मार्ग आहे. १९१७ चा सिद्धान्तकार आणि १९२९ चा बाप यांत मी बापावर जास्त विश्वास ठेवते.

इथवर मी दुःखाबद्दल बोलले. पण मला खरं म्हणायचंय ते वेगळंच आहे, आणि ते जरा अवघड आहे.

बाबाडूक म्हणजे दुःख असं म्हणताना आपण एक सोयीस्कर गोष्ट करतो. दुःख हा प्रतिष्ठित शब्द आहे. विधवेचं दुःख कुणालाही समजतं, त्याबद्दल सहानुभूती वाटते. पण राक्षस पुस्तकातून काय सांगतो ते बघा. तो म्हणत नाही की तू नवऱ्यासाठी रडशील. तो दाखवतो की तू मुलाला मारशील. अमेलियाच्या मनात तळघरात कोंडलंय ते फक्त ‘नवरा गेला’ हे नाही. ‘तुला आणायला निघालो म्हणून तो गेला’ हे आहे. ‘त्याच्याऐवजी तू का नाही गेलास’ हे आहे, आणि सिनेमात एका क्षणी ती मुलाला जवळजवळ हेच बोलून दाखवते. विधवेचं दुःख आणि आईचा द्वेष यांची तारीख एकच आहे, म्हणून एकाला हात घातला की दुसरा वर येतो. म्हणून तर वाढदिवस साजरा करता येत नाही.

सुरुवातीची एक साधी जागा आहे. राक्षस अजून आलेलाही नाही. रात्री मुलगा आईच्या पलंगात झोपलाय, तिला चिकटून, झोपेत दात खातोय, हात तिच्या गळ्याशी. ती हळूच त्याचा हात बाजूला करते आणि पलंगाच्या पार कडेला सरकून पडून राहते. डोळे उघडे. भयपटाच्या दृष्टीने इथे काहीच घडत नाही. मला विचाराल तर सिनेमातली सर्वांत भीतिदायक जागा ही.

डॉनल्ड विनिकॉट हा इंग्लंडमधला बालरोगतज्ज्ञ आणि मनोविश्लेषक. १९४९ मध्ये छापलेल्या एका लेखात त्याने आई आपल्या बाळाचा द्वेष का करते याची अठरा कारणं दिलीत. चांगली आई, वाईट आई असा भेद न करता, साधी आई. बाळ तिचं शरीर धोक्यात घालतं, तिच्या खाजगी आयुष्यात लुडबुड करतं, तिच्याशी मोलकरणीसारखं वागतं, तिला दुखवतं, आणि बाहेरच्या माणसाकडे बघून मात्र गोड हसतं. (हशा) हसताय, म्हणजे ओळखीचं आहे. त्याचा मुद्दा असा की आईला हा द्वेष वाटतो, आणि ती त्यावर काही न करता तो सोसू शकते, यातच तिचं मोठेपण आहे. द्वेष नाहीच असं सोंग घेणारी आई मुलाच्याही फार उपयोगाची नसते, कारण मुलाला आपला राग कितपत खरा असू शकतो हे कुणाकडून शिकायचं?

अठरा कारणांची ती यादी मी पहिल्यांदा वाचली तेव्हा मी चाळिशीत होते. त्याआधी दहा-बारा वर्षं एक प्रसंग मी कुणालाही सांगितला नव्हता. मुलगा तीन-साडेतीन महिन्यांचा होता. मी प्रबंध लिहीत होते, नवऱ्याची नोकरी फिरतीची. एका रात्री मुलगा चार तास रडत होता. मी त्याला पाळण्यात ठेवलं, खोलीचं दार ओढून घेतलं आणि गॅलरीत जाऊन उभी राहिले. आतून आवाज येत होता आणि मी रस्त्यावरचे दिवे मोजत होते. त्या वेळी माझ्या मनात जे आलं ते आजही इथे सांगणार नाही. मग आत गेले, त्याला घेतलं. एवढंच. मुलगा आज अठ्ठेचाळीस वर्षांचा आहे, उत्तम आहे. पण त्या रात्रीला माझ्याकडे नाव नव्हतं. ‘थकवा’ म्हटलं तर खोटं होतं आणि ‘द्वेष’ म्हणायची हिंमत नव्हती. तिथे राक्षस उपयोगी पडतो.

नोएल कॅरल या तत्त्वज्ञाचं १९९० सालचं भयाच्या तत्त्वज्ञानावरचं पुस्तक आहे. त्यात तो म्हणतो की भयपटातला राक्षस नुसता धोकादायक असून भागत नाही. वाघही धोकादायक असतो. राक्षस आपल्या वर्गवारीत बसत नाही. मेलेला आणि जिवंत, माणूस आणि पशू, आतला आणि बाहेरचा, दोन्ही एकदम. म्हणून त्याची भीतीही वाटते आणि किळसही येते. हे मला पटतं, फक्त मी त्यात एक भर घालेन. काही भावनाही अशा वर्गवारीत न बसणाऱ्या असतात. आईचं प्रेम या खान्यात द्वेष ठेवता येत नाही, आणि द्वेष या खान्यात तिला ठेवलं तर ती आईच राहत नाही. दोन्ही खान्यांच्या मधे जे उरतं त्याला भाषा नाही. भयपट त्याला कोट-टोपी देतो.

आधीच्या भयपटांनी आईला काय दिलं तेही बघायला हवं. हिचकॉकच्या ‘सायको’त (१९६०) आई मेलेली आहे आणि तरी दोष तिचाच. ‘कॅरी’तली (१९७६) आई धर्मवेडी. बार्बरा क्रीड या ऑस्ट्रेलियन अभ्यासिकेने १९९३ मध्ये या सगळ्यावर पुस्तक लिहिलं. पण त्या चित्रपटांत आपण बहुधा मुलाच्या बाजूला उभे राहून आईकडे बघतो. केंट यांनी कॅमेरा आईच्या बाजूला आणून ठेवला, आणि तरीही तिला निर्दोष ठरवलं नाही. ती कुत्र्याला खरोखर मारते. त्याला रूपक म्हणून सूट नाही.

तुलनेसाठी एक जपानी चित्रपट, हिदेओ नाकाता यांचा ‘डार्क वॉटर’, २००२. तिथे घटस्फोट घेतलेली आई, योशिमी. लहान मुलीच्या ताब्यासाठी झगडतेय. भाड्याच्या घराच्या छतातून पाणी गळतं, आणि कळतं की गच्चीवरच्या टाकीत पडून मेलेल्या एका दुर्लक्षित मुलीचं भूत तिथे आई शोधतंय. शेवटी योशिमी त्या भुताला जवळ घेते, त्याची आई व्हायला कबूल होते, म्हणजे तिची स्वतःची मुलगी वाचेल. आणि ती भुताबरोबर निघून जाते. पोटची मुलगी आईविना वाढते. सुंदर चित्रपट आहे, मी रडले. पण त्यातला व्यवहार बघा, राक्षसाला शांत करायची किंमत म्हणजे अख्खी आई. त्यागमूर्ती. आपल्याला हे ओळखीचं वाटतं आणि आवडतंही, म्हणूनच मी त्याकडे जरा संशयाने बघते.

अमेलिया देते ती वाडगाभर गांडुळं. मोजून. देते आणि वर निघून येते, वर मुलाचा वाढदिवस आहे.

‘हेरेडिटरी’चं (२०१८) नाव कुणीतरी चिठ्ठीवर पाठवलंय. त्याच्याबद्दल एवढंच म्हणते की पूर्वार्धात आईचा मुलावरचा राग ज्या धिटाईने दाखवलाय तो थरकाप उडवतो, पण पुढे सगळ्याचा उगम आजीच्या गुप्त पंथात आणि सैतानात निघतो, आणि आई सुटते. माझ्या दृष्टीने ते नुकसान आहे. तुमचं मत वेगळं असू शकतं.

दुसरी चिठ्ठी : “बाबाडूक खरा आहे की तिच्या मनात?” सिनेमा दोन्हीला जागा ठेवतो. अमेलिया आधी लिहायची, मुलांसाठीही काही लिहिलं होतं, असं एका प्रसंगात ती सांगते. पुढे पोलीस ठाण्यात पुस्तकाची तक्रार करायला जाते तेव्हा तिच्या हातांना काळं लागलेलं दिसतं. तेव्हा पुस्तक तिनेच केलं असेल, असं म्हणता येतं. पण मुलालाही तो दिसतो, त्यालाही ओढून नेतो. मला विचाराल तर ‘तिच्या मनात’ म्हटल्याने तो कमी खरा होत नाही. ज्या घरात लहान मूल आहे त्या घरात आईच्या मनात काय आहे ही अत्यंत खरी गोष्ट असते. मूल त्याच्यातच राहत असतं.

आणि एक राहिलं. तळघरात राक्षस अंगावर येतो तेव्हा ती त्याला ज्या स्वरात गप्प करते तो स्वर नीट ऐका. रडणाऱ्या तान्ह्याला थोपटताना आपण जे म्हणतो तेच ती म्हणते. अख्ख्या सिनेमात मुलाला तिने त्या स्वरात क्वचितच थोपटलेलं आहे. वर आल्यावर मुलगा विचारतो, मला कधी दिसेल तो? ती म्हणते, मोठा झालास की. कधीच नाही असं ती म्हणत नाही. आणि मग त्याला वाढदिवसाच्या शुभेच्छा देते.

तिसऱ्या चिठ्ठीवरचं अक्षर लागत नाहीये. ज्यांची असेल त्यांनी चहाच्या वेळी येऊन भेटा, आपण तिथेच बोलू.